फायनलचा रोजा

भोकरला माझं बी-बियाणांचं दुकान आहे. गल्ल्यामागच्या भिंतीवर, कॅलेंडरांच्या गर्दीत, एक फोटो टांगलेला आहे. चौदा पोरं, एक सर आणि एक चषक. मागच्या रांगेत, सगळ्यांपेक्षा वीतभर उंच आणि डोक्यापासून छातीपर्यंत ओला झालेला जो आहे, तो मी. बाकी सगळे कोरडे आहेत. सोयाबीनची बॅग घेता घेता गिऱ्हाईक विचारतं, "तुमचंच डोकं काहून ओलं हाय हो?" मग मी गोष्ट सांगतो. पंचवीस वर्षं सांगत आलो, आणि पंचवीस वर्षं खोटी सांगत आलो. यंदा त्यातून सुटलो, म्हणून आता खरी लिहायला बसलोय.

मी भोकरजवळच्या खेड्यातला. नांदेडच्या कॉलेजात आलो तोवर फुटबॉल फक्त टीव्हीवर पाहिलेला, तोही लाईट असली तर. कॉलेजचा संघ म्हणजे बहुतेक नांदेड शहरातली मुसलमान घरांतली पोरं, गल्लीत चेंडू लाथाडत वाढलेली. त्यांना सगळं येत होतं, पण गोलात उभं राहायला एकही जण तयार नव्हता. गोलकीपर होणं म्हणजे शिक्षा, असं त्यांचं ठाम मत. आमचे खेळाचे सर त्यामुळं उंच माणूस शोधत फिरत होते. होस्टेलच्या मेसच्या रांगेत त्यांना माझं डोकं दिसलं.

"काही झेलता येतं का रे?"

"पेंढ्या झेलतो, सर."

खोटं नव्हतं ते. ज्वारीच्या कडब्याची गंज रचताना खालचा माणूस पेंढी भिरकावतो आणि गंजीवरचा ती हवेतच धरून रचत जातो. आमच्या घरी गंजीवर मी असायचो. पेंढी सुटली की खालून वडलांच्या शिव्या यायच्या, त्या चुलत्यांच्या वावरापर्यंत ऐकू जायच्या. चेंडू पेंढीपेक्षा हलका, आणि सरांच्या शिव्या वडलांपेक्षा बऱ्याच सौम्य. मला काम आवडलं.

मैदान काळ्या मातीचं. पावसाळ्यात चिखल, हिवाळ्यात भेगा. गोलाला जाळी नव्हती, म्हणून कॅप्टननं गोदावरीवरच्या एका भोयाकडून मासे धरायचं जुनं जाळं आणलं होतं. त्याचा वास असा होता, की मी आंघोळ करून आलो तरी मेसमधली पोरं ताट उचलून दुसरीकडं बसायची.

कॅप्टन आमचा मधल्या फळीत खेळायचा. शहरातल्या इतवारा भागात त्याच्या वडलांचं शिलाईचं दुकान. बोलायला शांत, पण मैदानावर त्याचा आवाज रेल्वे स्टेशनपर्यंत जायचा. तो मला नावानं हाक मारायचा नाही, 'कीपर' म्हणायचा. मी त्याला 'कॅप्टन'. आजही तसंच आहे. माझी बायको म्हणते, तुम्हाला एकमेकांची नावं तरी माहीत आहेत का?

त्या वर्षी विद्यापीठाच्या स्पर्धा रमजानात आल्या. संघातल्या सात जणांचे रोजे. आमचा सराव संध्याकाळी, आणि रोजा सुटायची वेळही तीच. मशिदीचा भोंगा झाला, की ही सात पोरं खेळ सोडून पळत माझ्याकडं यायची, कारण खजूर माझ्याकडं असायचे. कीपरला इतरांइतकं पळायचं नसतं, म्हणून हे खातं माझ्याकडं आलेलं. माझी एक मोठी दस्ती होती, म्हणजे हातरुमाल. तिच्यात खजूर बांधून मी गोलाच्या खांबामागं ठेवायचो. भोंगा झाला की वळायचं, वाकायचं, गाठ सोडायची आणि एकेकाच्या हातावर एकेक खजूर ठेवायचा. दोन आठवड्यांत मला त्याची इतकी सवय झाली, की भोंग्याचा पहिला सूर निघाला की माझी कंबर आपोआप वळायची. ही सवय पुढं महागात पडली.

आम्ही जिंकत गेलो. पहिला सामना दोन गोलांनी. दुसऱ्यात उदगीरच्या पोरांनी घाम काढला, शेवटच्या पाच मिनिटांत कसंबसं निभावलं. सेमीफायनल नांदेडलाच होती, ती पेनल्टीपर्यंत गेली आणि मी दोन अडवल्या. कशा अडवल्या ते मला विचारू नका. पेंढी कुठून येतेय ते माणसाच्या खांद्यावरून कळतं, एवढंच सांगता येईल. पोरांनी मला उचललं. मी सहा फूट दोन इंच, त्यामुळं लगेच खालीही ठेवलं.

त्या संध्याकाळी सगळा संघ कॅप्टनच्या घरी रोजा सोडायला गेला. त्याच्या अम्मीनं भजी केली होती, फळं चिरली होती, आणि मला सगळ्यात आधी वाढलं. मी भारावलो. आणि भारावलेल्या माणसानं तोंड बंद ठेवावं, हे मला कुणी शिकवलं नव्हतं. उचलली जीभ लावली टाळ्याला.

"फायनलला मी बी रोजा धरणार," मी जाहीर केलं.

"नक्को बेटा, तेरे को आदत नहीं है," अम्मी म्हणाल्या.

"न्हाई अम्मी, शेतकऱ्याचं पोर हाय मी. एकादशी धरतो, शिवरात्र धरतो. लई सोपं हाय."

आता आमची एकादशी कशी, ते सगळ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. एकादशी अन् दुप्पट खाशी. साबुदाणा, भगर, शेंगदाण्याचा लाडू, वर केळी. रोज्यात पाण्याचा घोटही चालत नाही, हे मी दोन आठवडे डोळ्यांनी बघत होतो. तरी बोललो. पोरांनी टाळ्या वाजवल्या. कॅप्टन मात्र माझ्याकडं नुसता बघत राहिला.

फायनल लातूरला, लातूरच्याच कॉलेजच्या संघाबरोबर. पहाटे कॅप्टनच्या घरी सगळ्यांबरोबर पोटभर जेवलो आणि एसटीनं निघालो. लोह्यापर्यंत मी गाणी म्हटली. अहमदपूर आलं तेव्हा जीभ टाळ्याला चिकटली होती. चाकूरला गाडी थांबली आणि खिडकीतून फोडणीचा वास आला. कांदा, मिरची, कढीपत्ता. स्टँडसमोरच्या हॉटेलात सुशीला करून राहिले होते, म्हणजे भिजवलेल्या चुरमुऱ्याला फोडणी. ज्यानं लातूरकडचा सुशीला खाल्ला नाही, त्यानं मला नावं ठेवू नयेत.

"लघवीला जाऊन येतो," म्हणालो आणि उतरलो. हॉटेलच्या मागच्या बाजूनं आत शिरलो. आधी दोन ग्लास पाणी प्यायलो. मग एक प्लेट सुशीला. मग आणखी एक. पाठ दाराकडं, मान खाली. तोंड तीन वेळा धुतलं आणि गाडीत येऊन बसलो. शेजारी कॅप्टन डोळे मिटून बसला होता. ओठ कोरडे. डोळे न उघडताच म्हणाला, "टिकून राहा, कीपर. थोडंच राहिलं." मी 'हाव, हो' म्हणालो. खरं सांगायला तीच वेळ होती. पण गाडीत चौदा जण होते, आणि मला लाज वाटली.

फायनल साडेतीनऐवजी सव्वाचारला सुरू झाली, कारण प्रमुख पाहुणे यायचे होते. ते आले, नारळ फुटला, भाषण झालं. पाहुणे वेळेवर आले असते, तर हे लिहायची पाळी आली नसती. आमच्या सरांनी घड्याळ बघितलं आणि कॅप्टननं सगळ्यांना गोळा केलं. "भोंगा मॅच चालू असतानाच होणार. कुणी थांबायचं न्हाई. खजूर मॅचनंतर." सातही जणांनी माना हलवल्या. मीही हलवली. दस्ती नेहमीसारखी खांबामागं ठेवली.

सामन्याचं फार सांगत नाही. लातूरचा संघ आमच्यापेक्षा चांगला होता आणि पोटभर जेवलेला होता. पहिल्या अर्ध्यात त्यांनी आम्हाला उभं राहू दिलं नाही. मी पेंढ्या झेलाव्यात तसे चेंडू झेलत होतो, आणि अंगात भरपूर ताकद होती. का असणार नाही? दोन प्लेट होत्या आत. दुसऱ्या अर्ध्यात कॅप्टननं कॉर्नरवरून चेंडू टाकला, आमच्या एकानं डोकं लावलं आणि एक-शून्य झालं. त्यानंतर आमची पोरं पळत नव्हती, नुसती पाय ओढत होती. तरी कुणी जागा सोडली नाही.

शेवट जवळ आला. ऊन गेलं. आणि भोंगा झाला.

सातपैकी एकानंही मान वळवली नाही. दिवसभर पाण्याचा थेंब न घेतलेली पोरं चेंडूमागं धावत राहिली. वळलो मी. ज्यानं दोन ग्लास पाणी पिऊन दोन प्लेट सुशीला खाल्ला होता, तो मी. कंबर आपोआप वळली, वाकलो, आणि दस्तीच्या गाठीला हात घातला. मागून कॅप्टनची किंकाळी ऐकू आली, "कीपर!" वळून बघतो तो त्यांच्या फॉरवर्डनं लांबून मारलेला चेंडू थेट उघड्या गोलाकडं येत होता. मध्ये कुणीच नव्हतं. मग कुठून कोण जाणे, कॅप्टन आडवा आला. चेंडू त्यानं पोटावर घेतला. तो आवाज मला अजून ऐकू येतो. चेंडू बाहेर गेला, कॅप्टन रेषेवर दुमडून पडला, आणि दोन मिनिटांनी शिट्टी वाजली.

आम्ही जिंकलो होतो. मी गुडघ्यांवर बसलो होतो आणि हातात दस्ती होती. सगळे माझ्याभोवती जमले. सर ओरडले, "अरे, झालं काय तुला? पाठ कशी काय फिरवलीस?"

मी वर बघितलं आणि म्हणालो, "चक्कर आली, सर."

एवढंच. दोन शब्द. बाकीचं त्यांनीच केलं. "रोजा लागला याला!" कुणीतरी म्हणालं. सरांनी पाण्याची कळशी उचलली आणि माझ्या डोक्यावर उपडी केली. एकानं वारा घातला, एकानं पाय चोळले. आणि कॅप्टन, पोट धरून, माझ्यापाशी आला. दस्तीची गाठ त्यानं सोडली. पहाटेपासून त्याच्या तोंडात काही नव्हतं. तरी पहिला खजूर त्यानं माझ्या तोंडात घातला. मग स्वतः खाल्ला. तेवढ्यात फोटोवाला आला.

तो खजूर गिळताना मला जे वाटलं, ते पुढं पंचवीस वर्षं वाटत राहिलं.

खोटं वाढत जातं, हे लोक सांगतात. पण ते इतकं मानाचं होईल, हे कुणी सांगितलं नव्हतं. अम्मींनी ही गोष्ट सगळ्या नात्यात सांगितली. ईदला गेलो की शीरखुर्म्याची वाटी माझ्यापुढं आधी यायची आणि पाहुण्यांना सांगितलं जायचं, "ये वोच बच्चा है." बच्चा चाळिशी ओलांडून गेला तरी. भोकरला ईद-मिलनाच्या कार्यक्रमांत मला बोलवायला लागले. दोन धर्मांच्या सलोख्याचं उदाहरण म्हणून माझा सत्कार व्हायचा. न धरलेल्या एका रोज्यावर मी आजवर अकरा शाली मिळवल्यात. बायको त्या लग्नांत आहेर म्हणून देते. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं, प्रत्येक शाल खांद्यावर पडताना मला वाटायचं, समोरच्या गर्दीत चाकूरचा तो हॉटेलवाला बसलाय.

सांगायचं अनेकदा ठरवलं. दरवेळी कॅप्टनचं तोंड बघितलं आणि जीभ आत गेली. माझी भीती एकच होती. तो माणूस उपाशीपोटी माझ्यासाठी आडवा आला, आणि मी त्याला फसवलं, हे कळल्यावर तो माझ्याशी बोलायचं बंद करील. दुसरं मला काहीही चाललं असतं.

यंदा फेब्रुवारीत माझी मुलगी, नववीतली, वक्तृत्व स्पर्धेचा कागद घेऊन आली. विषय होता 'मैत्री'. म्हणाली, "पप्पा, मी तुमच्या रोज्याची गोष्ट घेणार."

मी नको म्हणालो. ती का म्हणाली. मी चिडलो, ओरडलो, दुकानात जाऊन बसलो. परत आलो आणि तिला खरं सांगितलं. जगात पहिल्यांदा. ती हसली नाही. कागद खाली ठेवून म्हणाली, "त्यांना सांगितलं?"

"न्हाई."

"मग मी काय लिहू?"

ईदच्या दिवशी नांदेडला गेलो. दुपारी पाहुणे गेले, घरात अम्मी, कॅप्टन आणि मी. अम्मी आता थकल्यात, पलंगावर बसूनच सगळं बघतात. माझ्या हातात शीरखुर्म्याची वाटी होती. ती खाली ठेवली आणि म्हणालो, "अम्मी, त्या फायनलला मी रोजा धरला न्हवता. चाकूरला सुशीला खाल्ला मी. दोन प्लेट."

बाहेर लहान पोरं पिपाण्या वाजवत होती.

"मग चक्कर?" कॅप्टननं विचारलं.

"चक्कर न्हवती. भोंगा झाला म्हणून खजूर काढायला वळलो."

कॅप्टन उठला आणि आत गेला. नळ सोडल्याचा आवाज आला. बराच वेळ येत राहिला. मी मान खाली घालून बसलो. वाटलं, संपलं. आता उठावं आणि भोकरची गाडी धरावी.

तो तोंड पुसत बाहेर आला. डोळे लाल होते. माझ्यासमोर बसला आणि म्हणाला, "तुला माहीत आहे का, प्रवासात रोजा माफ असतो? मागून एक धरला की झालं. त्या दिवशी पहाटेच अम्मीनं मला सांगितलं होतं, सोडा म्हणून. बाकीच्या पोरांनाही माहीत होतं. पण तू धरणार म्हटल्यावर कुणी सोडीना."

म्हणजे माझ्या बढाईपायी सात पोरं कोरड्या घशानं खेळली होती.

"अन् मी तुला सांगितलंच न्हाई," तो पुढं म्हणाला. "तू एवढी छाती काढून बोललेला. म्हटलं, बघू टिकतो का. मस्ती होती माझी. अन् तू पडलास. पंचवीस वर्षं मला वाटून राहिलं, की त्या दिवशी तुला काही झालं असतं तर मी तुझ्या घरी काय तोंड दाखवलं असतं? म्हणून दर ईदला तुला पहिली वाटी देतो रे मी."

आणि मग तो हसायला लागला. "दोन प्लेट?" म्हणाला. "दोन?" पोट धरून हसला, तेच पोट. मीही हसलो आणि हसता हसता रडलो, त्याची मला लाज नाही. माझा जीव भांड्यात पडला. त्याचाही पडलेला दिसत होता.

अम्मी मात्र हसल्या नाहीत. आमचं होईपर्यंत थांबल्या आणि म्हणाल्या, "तेरे पे तो फर्ज नहीं था, बेटा. पन जबान दिया था ना? सफर में छूटा तो बाद में एक रखना पडता. तू भी एक रख ले."

"अम्मी, पंचवीस वर्षं झाली."

"देर हुई तो हुई. आज नक्को, ईद को नहीं रखते. दो दिन बाद आ जा."

दोन दिवसांनी पहाटे भोकरला पिठलं-भाकरी खाल्ली, तांब्याभर पाणी प्यायलो आणि पहिल्या गाडीनं नांदेड गाठलं. कॅप्टन आता वडलांचं दुकान चालवतो, शाळांचे युनिफॉर्म शिवतो. ईदनंतर ही मंडळी आणखी सहा रोजे धरतात, त्यातला त्याचाही एक होता. त्यानं मला शर्टांना बटणं लावायला बसवलं. शेजारी चहाचं हॉटेल. मार्चचं ऊन. अकरापर्यंत बरं होतं. दोनला तोंडाला चव राहिली नाही. चारला सुईत दोरा जाईना, दोनदा बोट टोचून घेतलं. पंख्याखाली बसून माझी ही गत, आणि ही पोरं काळ्या मातीत नव्वद मिनिटं पळली होती. त्या दिवशी ती जिंकली म्हणजे नेमकं काय केलं, ते मला त्या दुकानात पहिल्यांदा कळलं.

संध्याकाळी त्यानं मशीन थांबवलं. पाण्याचे दोन ग्लास भरले. खणातून एक दस्ती काढली, गाठ मारलेली. सोडली, आणि अजान झाली तसा पहिला खजूर माझ्यापुढं धरला.

मी तो घेतला आणि त्याच्या तोंडाशी नेला. "आधी तू," म्हणालो.

त्यानं माझ्याकडं बघितलं आणि तोंड उघडलं. मग मी माझा घेतला. खजूर इतका गोड असतो, हे मला ठाऊक नव्हतं. आम्ही पाणी प्यायलो. मुलीला फोन लावला आणि म्हणालो, "आता लिही."